सावळा चेहरा पडद्यावर दिसतो का? सोलापुरातल्या एका चित्रपट अभ्यासवर्गाचं परीक्षण

सात रस्त्याजवळच्या भाड्याच्या हॉलमध्ये सहा रविवार चालणारा हा वर्ग आहे. वेळ सकाळी साडेनऊ ते एक, जागा पंचवीस, फी पंधराशे रुपये, विद्यार्थ्यांना आठशे. कथा-कादंबरीवरून सिनेमा होतो तेव्हा माणसाचा वर्ण आणि जात पडद्यावर कशी उतरते, हा विषय. रसग्रहण वर्ग म्हटलं की दिग्दर्शकांची नावं, गाजलेले प्रसंग आणि चहानंतर चर्चा असा बेत आपल्या सवयीचा. इथे बहुतेक वेळ शॉट मोजण्यात, प्रकाश कुठून येतोय ते शोधण्यात आणि मूळ मजकुराशी ताडून बघण्यात जातो. ज्यांना नुसतं ऐकायचं नाही, स्वतः करून बघायचं आहे, त्यांनी जरूर नाव नोंदवावं. उणिवा आहेत. त्यातली एक गंभीर आहे आणि ती दूर करायला जवळपास काहीच खर्च नाही, म्हणून तिच्याबद्दल पुढे सविस्तर.

वर्गाचा पाया आहे जेम्स स्नीड या कृष्णवर्णीय अमेरिकन अभ्यासकाचं काम. १९५३ चा जन्म, १९८९ मध्ये ऐन पस्तिशीत मृत्यू. अमेरिकन कादंबरीकार विल्यम फॉकनरच्या कादंबऱ्यांवरचं त्यांचं पुस्तक १९८६ चं. हॉलिवूडमधल्या कृष्णवर्णीय प्रतिमांवरचे लेख मृत्यूनंतर १९९४ मध्ये पुस्तकरूपाने आले. साहित्य आणि सिनेमा दोन्हीकडे सारखाच हात चालणारे अभ्यासक कमी असतात. रूपांतराचा विषय घेताना त्यांची निवड केली हे वर्ग चालवणाऱ्यांच्या जाणतेपणाचं लक्षण. स्नीड तीन गोष्टी बघायला शिकवतात. पहिली मिथकीकरण: एकाला मोठं दाखवायचं तर दुसऱ्याला लहान करावं लागतं, आणि ही जोडी इतक्या वेळा दाखवली जाते की ती निसर्गनियमासारखी वाटू लागते. दुसरी खूण: माणूस पुरेसा ‘काळा’ दिसत नाही असं वाटलं की रंगभूषा, पांढरेशुभ्र कपडे, उजळ पार्श्वभूमी यांनी तो काळेपणा गडद करणं. तिसरी वगळणूक: जे दाखवलंच नाही ते. तिसरी गोष्ट सापडायला सगळ्यात कठीण, कारण ती फ्रेममध्ये नसते.

पहिल्याच रविवारी हे तिन्ही १९१५ च्या ‘द बर्थ ऑफ अ नेशन’वर लावून दाखवतात. डी. डब्ल्यू. ग्रिफिथचा हा मूकपट थॉमस डिक्सनच्या १९०५ च्या ‘द क्लॅन्समन’ या कादंबरीवरून घेतलेला. कृष्णवर्णीयांवर दहशत बसवणाऱ्या कू क्लक्स क्लॅन या गोऱ्यांच्या संघटनेला तारणहार ठरवणारा. त्यातल्या मुख्य कृष्णवर्णीय भूमिका गोऱ्या नटांनी तोंडाला काळं फासून केल्या आहेत. गस हे पात्र वॉल्टर लाँग या गोऱ्या नटाने केलं. इथवरची माहिती कुठेही मिळते. वर्गाची खरी ताकद पुढच्या टप्प्यात दिसते.

कादंबरीत गसच्या अत्याचारानंतर मुलगी आणि तिची आई दोघी कड्यावरून उडी घेतात. मग डॉक्टर कॅमेरॉन मृत आईच्या डोळ्यात सूक्ष्मदर्शकातून बघतो आणि त्याला बुबुळामागच्या पडद्यावर गुन्हेगाराची प्रतिमा उमटलेली दिसते! मेलेल्या माणसाच्या डोळ्यात शेवटचं दृश्य टिकून राहतं, ही त्या काळातली लोकप्रिय समजूत. डिक्सनने ती पुरावा म्हणून वापरली. सिनेमात हा प्रसंग नाही. तिथे फ्लोरा नावाची मुलगी जंगलात पळते, गस तिच्या मागे, तिचा भाऊ दोघांच्या शोधात, आणि ग्रिफिथ या तिघांमध्ये आलटून पालटून कापत जातो. वर्ग घेणाऱ्या बाईंनी इथे प्रश्न टाकला: डोळ्यातला पुरावा काढून टाकल्यावर साक्षीदार कोण उरला? उत्तर वर्गातूनच आलं. प्रेक्षक. कादंबरीत जे एका डॉक्टरने भिंगातून बघितलं ते सिनेमात आपण सगळे स्वतःच्या डोळ्यांनी बघतो, म्हणून त्यावर शंका घ्यायला जागाच राहत नाही. रूपांतरात काय गाळलं एवढंच विचारून भागत नाही, गाळलेल्या गोष्टीचं काम पडद्यावर कोण करतंय हेही विचारावं लागतं. ते इथे एका उदाहरणात पक्कं होतं.

त्यानंतर तक्ता. प्रत्येकाला छापील कागद मिळतो, आठ रकान्यांचा: शॉटचा क्रमांक, सुरुवातीची वेळ, अंतर (दूरचा, मध्यम, जवळचा), कॅमेऱ्याची उंची, प्रकाश कुठून, फ्रेममध्ये कोण, कोण कोणाकडे बघतंय, आणि मूळ मजकुरातली ओळ. तीन मिनिटांचा तुकडा जोडीने करायचा. एक जण प्लेअर चालवतो, दुसरा लिहितो. पहिल्यांदा करणाऱ्याला दोन तास सहज लागतात आणि तेवढे दिलेही जातात, हे महत्त्वाचं. कागद तपासताना बाई फार काटेकोर आहेत. ‘भीतीदायक चेहरा’ असं लिहिलं की खोडतात. ‘प्रकाश खालून, चेहरा फ्रेमच्या साधारण तिसऱ्या हिश्शात, पाठीमागे फांद्या’ असं लिहिलं तर चालतं. भीती वाटली हा निष्कर्ष झाला. तो तक्त्याच्या खाली, वेगळ्या जागेत लिहायचा. ही शिस्त लागली की पुढच्या चर्चेत आवाज चढत नाहीत, कारण प्रत्येकाला शॉटचा क्रमांक सांगावा लागतो.

तक्ता करताना दोन ठिकाणी गाडी अडते. व्हीएलसी प्लेअरमध्ये ‘ई’ दाबलं की एक एक फ्रेम पुढे जाते, पण तसंच मागे येता येत नाही. काही सेकंद मागे उडी मारून पुन्हा यावं लागतं आणि त्यात शॉटचा सांधा निसटतो. एमपीव्ही हा मोफत प्लेअर घेतला तर पूर्णविरामाच्या कीने पुढची आणि स्वल्पविरामाच्या कीने मागची फ्रेम मिळते. वर्गात हे सांगत नाहीत, सांगायला हवं. दुसरी अडचण मूकपटांची. ते हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यावर, कमीजास्त वेगाने चित्रित झालेले. नेटवर मिळणाऱ्या प्रती वेगवेगळ्या वेगाने उतरवलेल्या. एकाच्या लॅपटॉपवर सहा सेकंदांचा शॉट दुसऱ्याच्या लॅपटॉपवर आठ सेकंदांचा निघतो आणि दोघंही बरोबर असतात. सगळ्यांना एकच फाइल पेनड्राइव्हवर देणं एवढाच उपाय. दुसऱ्या रविवारपासून ते सुरू झालं.

१९५९ ची जोडी

तिसरा रविवार या वर्गाचा प्राण आहे. एकाच वर्षातले दोन सिनेमे शेजारी ठेवले जातात: डग्लस सर्कचा ‘इमिटेशन ऑफ लाइफ’ आणि बिमल रॉय यांचा ‘सुजाता’. पहिला फॅनी हर्स्टच्या १९३३ च्या कादंबरीवर, दुसरा सुबोध घोष यांच्या बंगाली कथेवर. दोन्हींत दुसऱ्याच्या घरात वाढणारी मुलगी आहे आणि दोन्हींत तिच्या जन्माचा प्रश्न तिच्या कातडीवर येऊन ठेपतो.

हर्स्टच्या कादंबरीवर त्याआधी १९३४ मध्येही सिनेमा झाला होता, जॉन स्टॉलचा. त्यात कृष्णवर्णीय डेलायलाच्या पॅनकेकच्या कृतीवर बी नावाच्या गोऱ्या बाईचा धंदा उभा राहतो. डेलायलाला वीस टक्के हिस्सा देऊ करतात तर ती म्हणते, मला वेगळं घर नको, मी इथेच राहते. हा प्रसंग आज बघवत नाही, पण निदान पैसा कुणाच्या हातच्या चवीवर आला ते पडद्यावर आहे. १९५९ मध्ये गोरी नायिका नटी झाली आणि पॅनकेक गेले. डेलायलाच्या जागी आलेली अ‍ॅनी फक्त घर सांभाळते. तिचं दुःख वाढलं, तिचा वाटा पुसला गेला. वगळणूक म्हणजे काय हे समजवायला याहून चांगलं उदाहरण शोधून सापडणार नाही. दुसरा फरक निवडीचा: स्वतःला गोरी म्हणवणारी मुलगी १९३४ मध्ये फ्रेडी वॉशिंग्टन या कृष्णवर्णीय अभिनेत्रीने केली, १९५९ मध्ये ती भूमिका सुझन कोहनरकडे गेली, जी कृष्णवर्णीय नव्हती. दोन्ही सिनेमांमधला आरशासमोरचा प्रसंग आणि आईशी भांडणाचा प्रसंग एकाआड एक दाखवतात. त्या वीस मिनिटांसाठी सगळी फी वसूल झाली असं म्हणायला हरकत नाही.

मग ‘सुजाता’. ब्राह्मण इंजिनिअरच्या घरात वाढलेली दलित मुलगी, आणि पाहुण्यांसमोर ‘बेटी’ न म्हणता ‘बेटी जैसी’ म्हणणारी आई. नूतनला घरच्या मुलीपेक्षा सावळी दाखवली आहे. इथे बाईंच्या जोडीने शिकवणाऱ्या सरांनी जो मुद्दा मांडला तो वर्गातला सर्वांत मोलाचा. जात कातडीवर दिसत नाही. एकाच गल्लीत, एकाच जातीत गोरा आणि सावळा दोन्ही सापडतात. कॅमेऱ्याला मात्र दिसेल असंच काहीतरी लागतं, म्हणून सिनेमाने जातीला रंग लावला. स्नीड ज्याला खूण म्हणतात ती अमेरिकेत मुळात दिसणाऱ्या रंगाला गडद करते. आपल्याकडे ती न दिसणाऱ्या गोष्टीला रंग देते. दोन्हींचं काम एकच नाही, आणि अमेरिकेतली चौकट उचलून जशीच्या तशी इथे लावली तर हा फरक हातातून सुटतो. पुष्कळ अभ्यासक इथे घसरतात. सरांनी तो धोका आधीच सांगून ठेवला.

याच्या जोडीला १९३६ चा ‘अछूत कन्या’ घेतला असता तर चित्र पूर्ण झालं असतं. त्याची फक्त दोन स्थिरचित्रं दाखवली. बॉम्बे टॉकीजचा हा सिनेमा फ्रांझ ऑस्टेन या जर्मन दिग्दर्शकाचा, छायालेखन जोसेफ विर्शिंगचं. अस्पृश्य कस्तुरी झालेली देविका राणी गोरीपान, केसांमागून प्रकाश, चेहऱ्यावर मऊ झळाळी. तिथे रंगाची खूण नाहीच. नायिकेला नायिकेचाच प्रकाश दिला आहे आणि जात संवादांवर सोडली आहे. तेवीस वर्षांच्या अंतराने एकीकडे झळाळी, दुसरीकडे रंग. दोन्ही वेळा खरीखुरी दलित स्त्री पडद्यावर आलीच नाही. हा मुद्दा दोन स्थिरचित्रांत उरकण्यासारखा नव्हता, अर्धा तास तरी हवा होता.

प्रोजेक्टरमुळे बिघडलेला पुरावा

आता गंभीर उणीव. ज्या वर्गाचा विषयच सावळा चेहरा पडद्यावर कसा दिसतो हा आहे, त्या वर्गात सावळा चेहरा दिसत नव्हता. सर्कच्या सिनेमात अ‍ॅनीची भूमिका करणाऱ्या हुआनिता मूरच्या चेहऱ्यावरचे बारकावे भिंतीवर सपाट झाले होते. गालाचं हाड, डोळ्यांखालची सावली काही उरलं नव्हतं. तीच फ्रेम लॅपटॉपवर बघितली तर सगळं जागच्या जागी. यात धोका असा की चर्चेत दोघातिघांनी ‘दिग्दर्शकाने तिला अंधारात ठेवलं’ असं मांडलं आणि ते मान्यही झालं. दिग्दर्शकाने ठेवलं नव्हतं, प्रोजेक्टरने ठेवलं होतं.

असं होण्याची कारणं चार आणि चारही त्या हॉलमध्ये हजर होती. पहिलं: प्रोजेक्टर काळा रंग फेकू शकत नाही. पडद्यावरचा काळा म्हणजे खोलीत जेवढा उजेड शिल्लक आहे तेवढा. हॉलच्या खिडक्या पूर्वेला. त्यांवर जाड सोलापुरी चादरी टांगल्या होत्या, पण एकेरी. विणीतून ऊन झिरपत होतं आणि वरची झरोक्याची पट्टी उघडीच होती. चादर दुहेरी घालून टांगावी, झरोक्यांना पुठ्ठा लावावा. तेवढ्यानेही भागलं नाही तर अंधाऱ्या प्रसंगांचे सिनेमे साडेअकरानंतर ठेवावेत, तोवर ऊन त्या बाजूने हटलेलं असतं.

दुसरं: प्रोजेक्टर ‘व्हिव्हिड’ मोडवर होता. या मोडमध्ये उजळ भाग अधिक उजळ आणि गडद भाग अधिक गडद होतो. जाहिराती आणि क्रिकेटला ठीक, चेहऱ्याला घातक. ‘सिनेमा’ मोड घ्यावा. चित्र थोडं मंद वाटेल, डोळे पाच मिनिटांत सरावतात.

तिसरं कारण लोकांच्या लक्षात सहसा येत नाही. एचडीएमआय केबलमधून चित्राच्या उजेडाचे आकडे दोन पद्धतींनी जातात: शून्य ते २५५, किंवा १६ ते २३५. लॅपटॉप पहिल्या पद्धतीने पाठवतोय आणि प्रोजेक्टर दुसरी समजून घेतोय असं झालं, तर सोळाच्या खालचं सगळं ठार काळं होतं. सावळ्या चेहऱ्याची सावलीची बाजू नेमकी त्याच भागात किंवा त्याच्या लगत असते. उलट झालं तर काळा राखाडी दिसतो आणि सगळं चित्र धुरकट. प्रोजेक्टरच्या मेनूत ‘एचडीएमआय रेंज’ शोधून ‘ऑटो’ऐवजी हाताने ‘फुल’ करून बघावं, नंतर ‘लिमिटेड’. ज्यात पुढे सांगितलेल्या करड्या पट्टीतल्या गडद पायऱ्या वेगवेगळ्या दिसतात आणि काळा राखाडीही होत नाही ते ठेवावं.

चौथं: प्रोजेक्टर तिरका ठेवून, तिरकं चित्र सरळ करणाऱ्या कीस्टोन या सोयीने ते चौकोनी केलं होतं. त्यात चित्र डिजिटली दाबलं जातं आणि बारीक तपशील जातात. टेबलाची उंची बदलून प्रोजेक्टर सरळ करणं कधीही चांगलं. याच्या भरीला हॉलच्या भिंती फिक्या पिवळ्या. पडद्यावरचा उजेड भिंतींवर आपटून परत पडद्यावर येतो. पडद्याच्या दोन्ही बाजूंना चार-चार फूट गडद कापड लावलं तरी फरक दिसतो.

सिनेमा सुरू करण्याआधी सोळा पायऱ्यांची करडी पट्टी दाखवावी, काळ्यापासून पांढऱ्यापर्यंत. ‘ब्राइटनेस’ वाढवत जावं. सगळ्यात काळ्या पट्टीच्या शेजारची पट्टी जेमतेम वेगळी दिसली की थांबावं. मग ‘कॉन्ट्रास्ट’, पांढऱ्याच्या शेजारची पट्टी वेगळी राहील इतपत. पाच मिनिटांचं काम आहे. दर रविवारी करावं लागेल, कारण उजेड रोज सारखा नसतो. आयोजकांना हे सांगितल्यावर त्यांनी ऐकून घेतलं आणि पाचव्या रविवारी खिडक्या दुहेरी झाकलेल्या होत्या. मोड मात्र तसाच होता.

मोबाइलवरचा सराव

चौथ्या रविवारी कॅमेऱ्याची बाजू घेतात आणि ती छान घेतात. आधी थोडा इतिहास: ब्रिटिश अभ्यासक रिचर्ड डायर यांनी १९९७ च्या पुस्तकात मांडलेला मुद्दा, की फिल्म आणि प्रकाशयोजनेची पद्धत गोरी कातडी प्रमाण धरून घडत गेली. रंगीत छपाईच्या प्रयोगशाळांमध्ये रंग जुळवायला गोऱ्या बाईचा फोटो असलेलं ‘शर्ली कार्ड’ वापरायचे. लोर्ना रॉथ यांच्या संशोधनात आलं आहे की तपकिरी छटा नीट येत नाहीत अशी फिल्म बनवणाऱ्या कोडॅक कंपनीला बोचलेली तक्रार लाकडी फर्निचर आणि चॉकलेटवाल्यांची होती. हे ऐकून वर्ग गप्प झाला होता.

मग करून बघायचं. एक गोरी आणि एक सावळी व्यक्ती खिडकीशेजारी, एकाच फ्रेममध्ये. मोबाइलचा ‘ब्युटी’ फिल्टर आणि एचडीआर (उजेड-अंधाराचा आपोआप समतोल करणारी सोय) दोन्ही बंद. काही फोनमध्ये फिल्टर शून्यावर आणला तरी थोडा उजळपणा राहतोच, अशा फोनमध्ये ‘प्रो’ मोड घ्यावा. गोऱ्या चेहऱ्यावर बोट ठेवून उजेडाचं मोजमाप घेतलं की सावळा चेहरा अंधारात जातो, सावळ्यावर घेतलं की गोऱ्याच्या कपाळावर पांढरा डाग पडतो. कॅमेऱ्यातल्या उजेड मोजणाऱ्या मीटरला सगळं मध्यम राखाडी करायचं असतं, तो माणूस ओळखत नाही. उपाय तीन आणि तिन्ही फुकट किंवा स्वस्त. जागा बदला, सावळी व्यक्ती खिडकीच्या जवळ आणि तोंड उजेडाकडे. दुसऱ्या बाजूने दोन-तीन फुटांवर पांढरं थर्माकोल धरा, म्हणजे सावलीची बाजू भरून येते. आणि चेहऱ्यावर थोडं मॉइश्चरायझर: सावळ्या कातडीवर आकार दिसतो तो परावर्तित चमकेतून, त्यामुळे पावडर लावून चमक मारली की चेहरा सपाट होतो. आपल्याकडे लग्नाच्या फोटोआधी पावडर फासायची पद्धत आहे, तिने नेमकं उलटं होतं.

थर्माकोल धरणारा उत्साहाने फार जवळ येतो आणि मग चेहऱ्यावर दोन्हीकडून सारखा उजेड पडून चेहरा पुन्हा सपाट होतो. सरांनी हे एकेकाजवळ जाऊन दाखवलं.

कोटणीस, आणि रूपांतराचा ढिला तास

पाचवा रविवार सोलापूरचा. डॉ. द्वारकानाथ कोटणीस इथले, जन्म १० ऑक्टोबर १९१०. १९३८ मध्ये काँग्रेसने चीनला पाठवलेल्या पाच डॉक्टरांच्या पथकात ते गेले, तिथेच चिनी परिचारिका ग्वो छिंगलानशी लग्न केलं आणि ९ डिसेंबर १९४२ ला तिथेच वारले. ख्वाजा अहमद अब्बास यांनी त्यांच्यावर पुस्तक लिहिलं, त्यावरून व्ही. शांताराम यांनी १९४६ मध्ये ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ केला. कोटणीस स्वतः शांताराम, चिनी पत्नी जयश्री. म्हणजे वंशाचा प्रश्न आपल्याच माणसाच्या कहाणीत आहे: चिनी स्त्री मराठी नटीने चिनी वेशात आणि रंगभूषेत उभी केली. भैय्या चौकातल्या कोटणीसांच्या स्मारकात जाऊन आलेल्या सोलापूरकरांनीही हा सिनेमा या नजरेने बघितलेला नसतो. प्रेमाने, मैत्रीच्या भावनेने केलेल्या चित्रणातही खूण असू शकते, तिच्यामागे नेहमी द्वेषच असतो असं नाही, हा विचार इथे येतो. ग्रिफिथपासून सुरू झालेल्या वर्गाला त्याची गरज होती.

त्यानंतरचा रूपांतराचा तास मात्र ढिला पडला. गो. नी. दांडेकरांची ‘जैत रे जैत’ आणि डॉ. जब्बार पटेल यांचा १९७७ चा सिनेमा. विषय उत्तम, ठाकर समाजाची कहाणी, मुख्य भूमिकांत मोहन आगाशे आणि स्मिता पाटील. पण वर्ग पुन्हा जुन्या वळणावर गेला: कादंबरीतलं काय आलं, काय राहिलं, लेखकाला न्याय मिळाला का. दोन रकान्यांची यादी झाली आणि वेळ संपली. पहिल्या रविवारचा प्रश्न, गाळलेल्याचं काम कोण करतंय, तो कोणी विचारलाच नाही. कादंबरीतला निवेदक जे सांगतो ते सिनेमात गाण्यांनी उचललं आहे. त्या गाण्यांतून कोण कोणाबद्दल बोलतंय, ठाकर स्वतःबद्दल की बाहेरचा माणूस ठाकरांबद्दल, इथून सुरुवात केली असती तर तास सोन्याचा झाला असता.

तक्त्यातही एक रकाना कमी आहे आणि तो याच तासाला जाणवला: आवाजाचा. स्नीड यांची तीन सूत्रं डोळ्यांसाठी आहेत. मराठी सिनेमात जात बघण्याआधी ऐकू येते. बोलीतून, ‘जी’ कोण म्हणतं यातून, कोणाला नुसत्या नावाने हाक मारतात यातून. नववा रकाना घालून चित्र झाकून फक्त ध्वनी ऐकवावा आणि पात्र कोण असेल ते लिहायला सांगावं, मग चित्र दाखवावं. सोलापुरात हा सराव फार रंगेल. मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी एकाच बाजारात ऐकत वाढलेले कान इथे आहेत.

शेवटच्या रविवारी प्रत्येक जोडी आपला तक्ता मांडते. तिथे ‘फँड्री’चा शेवट दाखवला, जब्याने कॅमेऱ्याच्या दिशेने भिरकावलेला दगड. हा सिनेमा कशावरून घेतलेला नाही, पण कोण कोणाकडे बघतंय या रकान्याचं ते टोक आहे. दिग्दर्शक नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, जब्या झालेला सोमनाथ अवघडेही त्याच तालुक्यातला. रंग लावून सावळा केलेला चेहरा आणि मुळात सावळा असलेला चेहरा यातला फरक त्या एका मिनिटात कळतो.

असा वर्ग स्वतःच्या गावात सुरू करायचा असेल त्यांच्यासाठी हक्कांबद्दल. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं असतो. म्हणजे १९३६, १९४६ आणि १९५९ चे इथले सिनेमे मोकळे झाले आहेत. ‘जैत रे जैत’ आणि ‘फँड्री’ झालेले नाहीत. मूळ पुस्तकाचा हिशोब वेगळा, लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं. अब्बास १९८७ मध्ये गेले, त्यामुळे सिनेमा मोकळा असला तरी पुस्तकाच्या झेरॉक्स काढून वाटता येत नाहीत. दोन-चार पानांचा उतारा अभ्यासापुरता घ्यावा. शिक्षणसंस्थेत फक्त विद्यार्थी आणि शिक्षकांसमोर दाखवायला कायद्यात सवलत आहे. भाड्याच्या हॉलमध्ये फी घेऊन दाखवणं त्यात बसतं असं धरून चालू नये. कॉलेजने स्वतःचा उपक्रम म्हणून फक्त आपल्या विद्यार्थी-शिक्षकांसाठी सभागृहात वर्ग घेतला तर हा प्रश्न सुटेल आणि बहुधा खिडक्यांचाही.

नाव नोंदवणाऱ्यांनी स्वतःचा लॅपटॉप, हेडफोन आणि लांब वायरचा एक्स्टेंशन बोर्ड न्यावा. हॉलमध्ये प्लग चारच आहेत आणि जोड्या बारा. ‘जैत रे जैत’ आधी वाचून जावं, वर्गात वाचायला वेळ मिळत नाही. एखादा रविवार चुकणारच असेल तर पाचवा चुकू द्यावा आणि कोटणीसांचा सिनेमा घरी बघावा. तिसरा चुकला तर पुढच्या तुकडीत तेवढा एक दिवस बसू देतात, आयोजकांना आधी फोन करून विचारावं लागतं.